एब्बाच्या चुलीवरची किटली

मी एक जुनी, तांब्याची, कॉफीची किटली आहे, आणि खरं सांगू का मित्रांनो, आता मला बोलायचाही कंटाळा येतो. आतली कल्हई केव्हाच उडाली. पण एब्बाच्या घराचं आता संग्रहालय झालंय, आणि तिथे येणारी माणसं माझ्यासमोर उभी राहून तिच्या पुस्तकातल्या त्याच त्या एका पानाचं कौतुक करतात. म्हणून एकदाच काय ते सांगून टाकते.

दूर उत्तरेकडच्या थंड मुलखात स्मोलांड नावाचा प्रांत आहे, तिथल्या एका तांबटाने मला ठोकून घडवलं. आधी एब्बाच्या सासूने मला वापरलं, मग एब्बाने. एब्बा शेतकऱ्याची बायको. चार गाई, बटाट्याचं शेत, आणि उरल्या वेळात कादंबऱ्या. पिठाचे हात पुसून ती स्वयंपाकघरातल्या टेबलाशीच लिहायला बसायची. कॉफीचा गाळ खाली बसावा म्हणून ती माझ्यात माशाच्या वाळलेल्या कातडीचा तुकडा टाकायची. मला ते मुळीच आवडत नसे, पण कॉफी मात्र स्वच्छ उतरायची. शेजारणी यायच्या, दातांत साखरेचा खडा धरून बशीतून भुरके मारायच्या आणि मन मोकळं करायच्या. एब्बा ऐकत राहायची. तिच्या पुस्तकांतली निम्मी माणसं माझ्याच कॉफीवर पोसलेली आहेत.

पलीकडच्या शेतावरची म्हातारी युस्तीनामावशी तर रोज यायची. तिची चार वर्षांची मुलगी घशाच्या रोगाने गेली, त्याला तीस वर्षं झाली होती. एका दुपारी तिने ते सगळं एब्बाला सांगितलं. एब्बाने ते पुस्तकात घातलं. नाव बदललं, पण गाव काय आंधळं होतं? पुस्तक गाजलं. मुलीला पुरल्याचं पान वाचून आम्ही ढसाढसा रडलो, अशी शहरातून पत्रं आली. आणि युस्तीनामावशी यायची बंद झाली.

भांडण नाही की शिवी नाही. आमच्याकडे माणूस रागावला की नुसता गप्प होतो, तो हिवाळाभर. तिच्यामागून बाकीच्याही येईनाशा झाल्या. एब्बा रोज मला काठोकाठ भरायची आणि संध्याकाळी ओतून द्यायची. नव्या पुस्तकाची एक ओळ तिला सुचेना. नवरा म्हणाला, जाऊन माफी माग. तिलाही तेच वाटत होतं, पण पाय उचलत नव्हता.

बर्फ वितळल्यावर एका सकाळी तिने मला भरलं, फडक्यात गुंडाळलं आणि मावशीचं घर गाठलं. रीतीप्रमाणे ती दाराजवळच्या बाकावर बसली. बोलावल्याशिवाय टेबलाशी जायचं नसतं. मावशी बटाटे सोलत होती. तिने मान वर केली नाही.

“मावशी, तुमच्या घरातलं दुःख मी चव्हाट्यावर आणलं. चुकलं माझं.”

“त्याचं काही नाही गं. मीच सांगितलं होतं. तू लिहिणार हे काय मला ठाऊक नव्हतं?”

“मग काय झालं?”

“तुझ्या पुस्तकातली बाई थडग्यावर पडून रडते. मी रडले नव्हते. घरी आले तर गाईंच्या कासा तटतटलेल्या. मी बसले आणि आमच्या सहाही गाईंच्या धारा काढल्या. हे सांगितलं होतं मी तुला.”

एब्बा हळूच म्हणाली की वाचणाऱ्यांना रडणं कळतं, धारा काढणं कळलं नसतं.

“मला कळतं ना,” मावशी म्हणाली.

छापून गेलेलं पुस्तक काही परत बोलावता येत नाही. एब्बाने मावशीचीच प्रत मागून घेतली, त्या पानावर उभी आडवी काट मारली आणि समासात घडलं तसं लिहिलं. मावशीने ते ओठ हलवत वाचलं. दोनदा वाचलं. मग एप्रनला हात पुसत म्हणाली, “ये, टेबलाशी बस. कॉफी निवली असेल, गरम करते.” मला तिच्या चुलीवर ठेवलं तेव्हा मला इतकं बरं वाटलं म्हणून सांगू!

मावशी गेली तेव्हा तिने सांगून ठेवल्याप्रमाणे ती प्रत तिच्या उशाशी ठेवून तिला पुरलं. खरं पान तेवढं एकच होतं, ते मातीत गेलं. बाकी देशभर ती बाई अजून रडतेच आहे, आणि लोक माझ्यापुढे येऊन डोळे पुसतात. मी थकले आहे हो.

मित्रांनो, मला कल्हई करा असं मी म्हणणार नाही. पण कुणी विश्वासाने आपलं दुःख तुमच्यापाशी ठेवलं, तर ते उसन्या भांड्यासारखं जपा, त्यावर आपली नक्षी काढू नका. आणि कधी ते पान वाचाल तेव्हा एवढं लक्षात असू द्या, की युस्तीनामावशी त्या दिवशी धारा काढत होती.