जोडलेले ठिपके

बेल वाजली तेव्हा सासूबाईंच्या बोटांना पांढरा रंग तसाच होता.

दारात लोरेन असणार. माझ्याच वॉर्डातली नर्स, ऑस्ट्रेलियाच्या वाळवंटातल्या आदिवासी समाजातली. २००४ च्या त्या हिवाळ्यात तिच्या न्यू लिन या उपनगरातल्या फ्लॅटला ओल आली, म्हणून तिने आईने रंगवलेलं चित्र आमच्याकडे ठेवलं होतं. जिवापाड जपलेलं. आणि आमच्या सासूबाईंनी, अनुराधाबाईंनी, नातीचे पोस्टर कलर घेऊन त्यातले ठिपके जोडून टाकले!

"अगं, ठिपके काढून कुणीतरी तसेच सोडले होते," त्या म्हणाल्या. "रांगोळी अशी अर्धवट ठेवतात का?"

"आई, ती रांगोळी नाहीये! कुणी सांगितलं होतं हात लावायला?" मी त्यांच्यावर इतकी कधीच ओरडले नव्हते.

दार उघडावंच लागलं. लोरेन चित्रासमोर जाऊन उभी राहिली. संपली आमची मैत्री, मला वाटलं, आणि तिचं काही चुकणारही नाही.

तिने चित्रावर बोट ठेवलं. "ही वर्तुळं म्हणजे आमचा पाणवठा. भोवतीच्या कमानी म्हणजे बसलेल्या बायका. आई, मावश्या." बोट कोपऱ्यातल्या एकट्या कमानीवर गेलं. "ही मी."

सासूबाईंची रेघ त्या कोपऱ्यातून थेट पाणवठ्यापर्यंत गेली होती.

"अशी रेघ म्हणजे रस्ता. आईने तो मुद्दाम काढला नाही. म्हणाली, तू घरी आलीस की काढीन. ही गोष्ट तिची आहे, त्यात मीसुद्धा ठिपका घालायचा नसतो." तिचा आवाज चढला. "पुसा हे. आत्ता!"

मी सासूबाईंना सगळं मराठीत सांगितलं. त्यांचा चेहरा उतरला. ओलं फडकं घेऊन त्या पुसायला लागल्या. खालचाही रंग निघतो की काय, या धास्तीने मी श्वास रोखून बघत होते. पांढरी रेघ गेली. ठिपके राहिले.

सासूबाईंनी लोरेनचा हात धरला. "चुकलं गं माझं. पण तू आईकडे जा. मुलांची वाट बघणं काय असतं, ते मला विचार. किती दिवस थांबवशील तिला?"

लोरेनने माझ्याकडे पाहिलं. मी इंग्रजीत सांगितलं.

इतका वेळ रागाने ताठ उभी असलेली ती बाई मटकन खाली बसली आणि ढसाढसा रडायला लागली.