गुडघ्याएवढा खांब

मला बूड नाही आणि झाकणही नाही. चार फळ्या, मधे एक आडवी, कडांना ठोकलेली लोखंडी पट्टी, एवढाच माझा देह. मी विटा थापायचा साचा आहे. एका वेळी माझ्यात दोन विटांची माती मावते. बिनबुडाच्याचं बोलणं कुणी मनावर घेत नाही, हे मला ठाऊक आहे. तरी आज ऐका, कारण जे झालं ते माझ्याच पोटातून झालं.

सुताराने मला चिवट लाकडातून घडवलं आणि बाबांच्या हाती दिलं. "दोन पिढ्या हलणार नाही," तो म्हणाला. बाबा हसले. "तू साच्याची हमी देतोस. मातीची कोण देणार?"

बाबांची वीटभट्टी होती आणि भट्टीमागे त्यांचं स्वतःचं शेत. माती तिथलीच. पण बाबांची खणायची एक रीत होती. आधी वरची काळी, भुसभुशीत माती हलक्या हाताने काढून कोपऱ्यात ढीग लावायचा. विटा करायच्या त्या खालच्या पिवळ्या चिकणमातीच्या. वरच्या मातीला ते माहेरवाशीण म्हणत. "चार दिवस बाहेर ठेवायची आणि मानाने परत आणून बसवायची," असं त्यांचं म्हणणं.

खणताना तुकड्याच्या मधोमध ते एक खांब सोडत. दगडाचा नाही, मातीचाच. आजूबाजूची जमीन खाली जायची आणि तेवढीच जागा मूळ उंचीवर उभी राहायची, डोक्यावर गवत घेऊन. खांब जेवढा उंच दिसेल तेवढं आपण खोल गेलो. तो बाबांच्या गुडघ्याला लागला की खणणं बंद. मग तोही मोडायचा, ढीग पसरायचा, पेरणी करायची आणि पुढचा तुकडा धरायचा. पहिल्या तुकड्यात तिसऱ्या वर्षी असं पीक आलं की कुणाला सांगूनही पटू नये, इथून विटा निघाल्या म्हणून.

पुढे बाबांची नजर मंदावली. हात थरथरू लागले आणि मी त्यांच्या दोन मुलांकडे आलो. थोरला अबोल, कामाला वाघ. धाकटा बोलघेवडा, कामाला वाघाची शेपटी. थोरल्याची बायको, म्हणजे सगळ्यांची वहिनी, भाजीपाला पिकवणाऱ्या घरातली. बोटात माती चोळून तिची तहान ओळखणारी बाई. घरात आली तेव्हाच बाबांनी विहिरीजवळचा तुकडा दाखवून तिला शब्द दिला होता. "यातली चिकणमाती काढून झाली की हा तुझा. काय लावायचं ते लाव. पुन्हा इथे साचा येणार नाही."

वहिनीने त्या शब्दावर बियाणं जमवायला सुरुवात केली. जुन्या डब्यांतून, कापडाच्या पुरचुंड्यांतून. कधीमधी ती पुरचुंड्या उन्हात ठेवायची आणि त्या तुकड्यातल्या खांबाकडे बघून घ्यायची.

इकडे शहर वाढत होतं. एका भट्टीची रास निवते न निवते तोच दुसरीची मागणी यायची. चिकणमातीची वीट नुसतीच थापली तर वाळताना तडकते, तिच्यात वाळू मिसळावी लागते. आधी वाळू जवळच्या नदीतून यायची. मग लांबच्या नदीतून. मग एकदा गाडीवाला रिकामाच आला आणि म्हणाला, "नदीत आता नुसते गोटे उरलेत. गोटे हवे असतील तर सांगा."

मागणी तर अंगावर होती. धाकट्याने कोपऱ्यातल्या ढिगाकडे बोट केलं. "ही भुसभुशीतच आहे की. दोन-चार टोपल्या मिसळू. पुढच्या वर्षी वाळू आली की ढीग भरून काढू."

थोरला घुटमळला. मग म्हणाला, "मागच्या बाजूने घे. समोरून दिसायला नको."

त्या दिवशी माझ्यात पहिल्यांदा काळी माती आली. तिच्यात गवताची मुळं होती, एक गांडूळ होतं. थापणाऱ्या हाताने ते सगळं आत दाबलं, वरचा चिखल सपाट केला, मला उचललं. खाली दोन सुबक विटा उमटल्या. मी काहीच केलं नाही, असं म्हणायची सोय आहे मला, साचा काय करणार. पण त्या विटांना आकार माझा होता.

खांब गुडघ्याला लागला. काम थांबायला हवं होतं. पण पुढचा तुकडा म्हणजे घराजवळचा, तिथे विटा वाळवायची जागा होती, ती हलवायची तर हंगाम जाणार. पुन्हा धाकट्यालाच सुचलं. कुदळीच्या दोन घावांत त्याने खांबाचं डोकं छाटलं. खांब पुन्हा गुडघ्याखाली आला आणि खणणं सुरू राहिलं. पुढे तो गुडघ्याला लागला की दर वेळी हेच. बाबा रोज बांधावर बसून विचारायचे, "खांब कुठवर आला रे?" आणि रोज उत्तर जायचं, "गुडघ्याखाली आहे, बाबा." उत्तर खरंच होतं, हेच तर त्यातलं वाईट.

वहिनीला मात्र गणित जुळेना. एकदा थोरल्याची भाकरी घेऊन ती खाली उतरत होती. उतरता उतरता म्हणाली, "पूर्वी मी इथे एका ढांगेत उतरायचे. आता तीन पायऱ्या खोदल्यात तुम्ही. आणि हा खांब तेवढाच कसा?"

"वहिनी, तुझं वय झालं," धाकटा म्हणाला. "ढांग आखडली."

"तीन पायऱ्यांएवढं वय झालं होय? मग सासऱ्यांना लिफ्टच बसवावी लागेल."

धाकटा हसला. थोरला हसला नाही. वहिनीने ते पाहिलं. भाकरी तिथेच ठेवली आणि ती बाबांना घेऊन आली.

बाबा तिच्या खांद्याला धरून उतरले. एक, दोन, तीन पायऱ्या त्यांच्या पायांनीच मोजल्या. खांबापाशी आले, आपला गुडघा त्याला लावून पाहिला. खांब गुडघ्याखाली चार बोटं होता. धाकट्याने सुस्कारा सोडला. मग बाबांनी खांबाच्या डोक्यावरून हात फिरवला, लेकराच्या डोक्यावरून फिरवतात तसा.

"याचं गवत कुठे गेलं?"



"उन्हाने जळलं असेल," थोरला म्हणाला.

"बांधावरचं नाही जळलं. याचंच बरं जळलं." बाबांनी वरची चिमूटभर माती उचलून चोळली. "आणि डोक्यावर चिकणमाती. जमीन उलटी कधीपासून व्हायला लागली?"

ते खांबाशेजारी खालीच बसले. मग म्हणाले, "काम बंद करा. ढीग पसरा. सूनबाईचा तुकडा तिला द्या."

ढीग पसरा म्हटल्यावर दोघेही भाऊ जागचे हलले नाहीत. वहिनी एकटीच कोपऱ्यात गेली. समोरून ढीग जसाच्या तसा होता, हिरवट गवतही होतं. ती वळसा घालून मागे गेली. मागून तो आतपर्यंत पोखरला होता. समोरची बाजू म्हणजे नुसती एक भिंत उरली होती.

परत आली तेव्हा तिच्या हातात अर्धी टोपली माती होती. ती तिने बाबांच्या पायाशी ठेवली. नवऱ्याला एक शब्द बोलली नाही. थोरल्याची शिव्या खायची तयारी होती, पण गप्प बसणाऱ्या बायकोपुढे माणसाने करायचं काय?

त्या दिवसानंतर बाबा बांधावर बसायला आले नाहीत.

थोरल्याने नंतर खूप केलं. शेवटच्या थापणीतल्या न भाजलेल्या विटांची एक रास उभी होती. एकेक वीट त्याने पाण्यात टाकली, तिचा चिखल केला आणि तुकड्यात पसरला. जेवढ्या कच्च्या होत्या तेवढ्या विरघळल्या. पण भट्टीतून निघालेली वीट पुन्हा माती होत नाही. ढिगातली बाकी माती आता शहरभर भिंतींत उभी होती. वाटेत एखादं नवं घर लागलं की थोरला खाली मान घालून पुढे जायचा.

त्या विरघळलेल्या विटांतून आणि ढिगाच्या उरलेल्या भिंतीतून वहिनीचा एकच वाफा झाला. तिने पुरचुंडी सोडली, बी पेरलं. उगवलं, वीतभर आलं आणि पिवळं पडलं. पावसाचं पाणी खड्ड्यात साचून राहिलं, ओसरल्यावर जमीन तडकली. ती बाबांच्या खाटेशी जाऊन बसली. "बाबा, ही माती पुन्हा काळी व्हायला किती वर्षं लागतील?"

"मी जन्मभर खणली, पोरी," बाबा म्हणाले. "बनताना कधी पाहिली नाही."

वाळू मिळेना, काळी माती उरली नाही, भट्टी बंद पडली. थोरला आता दुसऱ्याच्या भट्टीवर मजुरीला जातो. धाकटा शहरात गेला. मी पडवीत भिंतीला टेकून पडून होतो. वाटलं, सुटलो.

परवा पलीकडच्या शेताचा मालक आला. त्याला भट्टी लावायची आहे. खड्ड्याच्या काठावर उभा राहून त्याने आत डोकावलं, च् च् केलं आणि म्हणाला, "तुमचा हिशेब चुकला. आमचं तसं होणार नाही. आमचं शेत मोठं आहे."

"आमचंही मोठंच होतं," थोरला म्हणाला.

तो पाहुणा हसला. त्याला वाटलं, थोरल्याने विनोद केला. त्याने साचा मागितला. वहिनी दारातून म्हणाली, "देऊ नका." थोरला म्हणाला, "अगं, नाही दिला तर दुसरा करून घेईल. सुतार काय एकच आहे?" हेही खरंच होतं.

आता मी त्या शेजाऱ्याच्या अंगणात आहे. माणसांमध्ये एक प्रश्न विचारतात म्हणे, की धरतीच्या पोटातलं सगळं एक दिवस संपेल का. मी शिकलेला नाही, जगाचं मला काही सांगता येणार नाही. एका शेताचं सांगू शकतो. तिथे संपेल का, असं कुणी विचारलं नाही. आज किती लागेल, एवढंच विचारलं. तुम्ही जिथे कुठे काही उपसत असाल, माती, पाणी, लाकूड, काहीही, तिथे उद्या सकाळी स्वतः उतरून एकदा हात लावून बघा. कुणी सांगितलेल्या उत्तरावर राहू नका. माझं मागणं एवढंच आहे.

शेजाऱ्याने मला पाण्याच्या टाकीत बुडवून ठेवलंय. इतके दिवस कोरडा पडलेला साचा वापरण्याआधी असाच भिजवतात. मी मनात म्हणत होतो, आता तरी तडकावं, एखादी फळी निखळावी. पण सुतार कसबी होता. लाकूड पाणी पिऊन फुगलं, सैल झालेले सांधे पुन्हा घट्ट आवळले. शेजाऱ्याने मला बाहेर काढून दोन्ही हातांनी हलवून पाहिलं आणि बायकोला हाक मारून सांगितलं, "बघ, जुना आहे, पण नव्यासारखा आहे."