ठिगळाची खिडकी

मी एक जुनी चादर आहे, मित्रांनो. पांढरी, सुती, दोन माणसांच्या पलंगाची. माझ्या अंगावर निळ्या कापडाचं एक चौकोनी ठिगळ आहे आणि माझं जे काही भलं झालं ते त्याच्यामुळेच.

आत्याच्या लग्नात मी या घरात आले तेव्हा अगदी कोरी करकरीत होते. खूप वर्षांनी तिच्या भाचीने इस्त्री करता करता भिंतीवरची सावली बघत राहून मला जाळलं. आत्याने कपाळावर हात मारला. तिचा नवरा नुकताच गेला होता. त्याचा निळा शर्ट कापून तिने मला ठिगळ लावलं. तरीही पुढे मी माळ्यावर गेले आणि फरशी पुसायचं फडकं होण्याची माझी पाळी आली.

या भाचीला गल्लीत सगळे रीळवाली म्हणतात. ती एकटीच सिनेमे बनवते. किटलीची वाफ, जिन्यातला उजेड, आत्याचे हात.

"यात गोष्ट कुठंय गं?" शेजारीण विचारायची.

"गोष्टी तुमच्या घरातून रोज ऐकू येतातच की," रीळवाली म्हणायची.

घरात जे आहे त्यातूनच सिनेमा करायचा, हा तिचा हट्ट. तिने मला माळ्यावरून काढून भिंतीवर टांगलं आणि मी पडदा झाले. ठिगळ लपवायचं सोडून तिने टेपने त्याची जागा मोजली आणि त्या मापाने एक काळापांढरा सिनेमा काढला. त्यात आत्या कपबशा पुसता पुसता थांबते आणि भिंतीकडे बघून हात हलवते. माझ्यावर तो दाखवला की तिथे बरोबर ठिगळ यायचं. सगळ्या करड्या चित्रात एकच निळी खिडकी! आत्या ते बघून रडली आणि हसलीही.

मग एका खऱ्या थिएटरचं बोलावणं आलं. रविवारी सकाळचा खेळ, रीळवालीचा पहिलाच. मी गेले ती प्रोजेक्टरभोवती गुंडाळलेली, धक्के खात. खेळाआधी त्यांनी सिनेमा लावून बघितला. त्या डागविरहित पडद्यावर आत्या कोऱ्या भिंतीला हात करत होती.

"मी खुळ्यासारखी टाटा कुणाला करतेय?" आत्याने विचारलं.

रीळवालीचा चेहरा पडला. दाराशी लोक जमू लागले होते. मी खुर्चीवर बोळा होऊन पडले होते. तोंड असतं तर मी हाक मारली असती. आत्याने मला उचलून झटकलं.

"अहो बाई, एवढा चांगला पडदा असताना चादर कशाला?" व्यवस्थापक म्हणाला.

"पडदा चांगलाच आहे हो तुमचा. पण त्याला खिडकी नाही."

मला चिमट्यांनी टांगलं, प्रोजेक्टर पुढे ओढला, टेप लावून अंतर मोजलं. खेळ सुरू झाला. सिनेमातल्या आत्याने हात हलवला तो थेट ठिगळाकडे, आणि मी आनंदाने थरथरले. लोकांना वाटलं, पंख्याचा वारा असेल. टाळ्या थांबेनात.

"ती निळी खिडकी कोणत्या तंत्राने केलीत?" एका प्रेक्षकाने विचारलं.

रीळवालीने आत्याकडे बोट दाखवलं.

"सुईदोऱ्याने," आत्या म्हणाली. "टाका बारीक घातला की उसवत नाही."

आता मी कपाटाच्या वरच्या कप्प्यात घडी होऊन ऐटीत राहते. मित्रांनो, जुन्या कापडाला कात्री लावण्याआधी ते एकदा उजेडासमोर धरून बघा. आणि मला कधी धुवायला काढलंत, तर ठिगळ तेवढं हलक्या हाताने चोळा. तिथून आत्याला कुणीतरी दिसतं.