मुका महिना

हातोडा दुसऱ्यांदा खाली आला तेव्हा तिच्या नवऱ्याच्या तोंडून आवाजही निघाला नाही. मधलं बोट टेबलावर चपटं झालं होतं आणि नखाच्या जागी काळसर रक्त साचत होतं. दोन शिपायांनी त्याचे खांदे दाबून धरले होते. हातोडा त्याच्या सख्ख्या धाकट्या भावाच्या हातात होता.

"वहिनी, अजून आठ आहेत," दीर म्हणाला. "चुकलो असेन तर सांग. मोजणं तुमच्या खात्याकडे."

"भाऊजी, महिना मी नाही संपवत. धाकटा चंद्र थोरल्याला गाठतो, तेव्हा तो संपतो. अजून बरीच वाट राहिलीये."

"इतके ढग आहेत. कोण बघतंय वर?"

ते खरंच होतं. शहर आकाशाकडे बघत नसे, घंटेकडे कान लावून जगे. सासऱ्यांकडून शिकलेलं गणित ती करायची, नवरा घंटा वाजवायचा, की खाली तारीख बदलायची. महिने आणि ऋतू यांचा मेळ बसेनासा झाला की काही वर्षांनी एक जादा महिना घालावा लागे. त्याला मुका महिना म्हणत; आत्ता तोच चालू होता. त्यात शस्त्राला हात लावायचा नाही, हा खाडीच्या दोन्ही काठांचा करार होता. पलीकडच्यांनी आपली शस्त्रं कुलपात ठेवली होती. इकडच्या फौजेनेही, आणि घंटा झाल्याशिवाय एकही शिपाई ती उचलायला तयार नव्हता. म्हणून तर दीर हातोडा घेऊन आला होता.

"नको सांगूस," नवरा पुटपुटला.

तिसऱ्या घावाला हाड मोडल्याचा आवाज स्पष्ट आला. टेबलावरची शाईची दौत उडून फुटली.

"वाजवा," ती म्हणाली. "संपला महिना."

एक शिपाई जिना चढून गेला. घंटा वाजली. खाली रस्त्यावर खिडक्या उघडल्या, कुणीतरी आरोळी ठोकली, मग शस्त्रागाराकडे धावणाऱ्या बुटांचा आवाज सुरू झाला.

दिराने हातोडा ठेवला आणि तांब्या तोंडाला लावला.

"हेच आधी केलं असतंस तर दादाचा हात शाबूत राहिला असता. आता पट्टी बांध त्याला."

तिने लाकडाच्या चपट्या काड्या आणि कापड घेतलं. मधल्या बोटाला काडी लावून ती कापड गुंडाळू लागली.

"उद्या पहिली," दीर शिपायाला सांगत होता. "पहाटेच खाडीत उतरायचं. गुडघाभर पाणी असेल, असू दे. पहिलीला दुपारी खाडी कोरडी पडतेच. तोवर आपण मध्यावर. जेवायला पलीकडे."

तिचे हात थांबले.

पहिलीला दुपारी खाडी कोरडी पडते, हे त्याने जन्मापासून पाहिलं होतं. का पडते, हे वडील शिकवायला बसले की तो खिडकीतून उडी टाकून पसार व्हायचा. पहिलीला दोन्ही चंद्र एकत्र येऊन पाणी ओढतात, म्हणून. उद्या ते एकमेकांशी काटकोनात असणार होते. पाणी पहाटे उतरणार होतं आणि दुपारी भरणार होतं.

नवरा मात्र वडिलांसमोर शेवटपर्यंत बसलेला होता. त्याने मान वर केली.

"अरे धाकट्या, उद्या पाणी..."

तिने कापडाचं टोक सगळा जोर लावून ओढलं. मोडकी हाडं एकमेकांवर घासली. पुढचे शब्द किंकाळीत विरून गेले.

"हळू गं वहिनी!" दीर हसला. "लहानपणापासून हळवा आहे तो." त्याने भावाच्या घामेजल्या केसांतून हात फिरवला आणि तो निघाला. शिपाईही गेले.

दार उघडंच होतं. जिन्यावर पावलं वाजत होती. एक हाक सहज पोचली असती.

नवरा तिच्याकडे बघत होता. श्वास सावरायला त्याला वेळ लागला.

"त्याला पोहता येत नाही," तो हळूच म्हणाला.

"तिकडची कुलपं अजून लागलेली आहेत," ती म्हणाली. तिने गाठ सोडून पट्टी पुन्हा, सैलसर बांधली.

पावलं शेवटच्या पायरीवर आली, फरसबंदीवर उतरली. त्याने तोंड उघडलं. मग मिटलं, आणि पुढचं बोट तिच्यासमोर धरलं.