डावीकडचा आवाज

माझ्या गॅरेजात एक पाटी आहे. 'गाडीला काय होतंय ते सांगा. काय बदलायचं ते आम्ही सांगू.' ती सुहासिनीबाईंनी लिहून दिली, पंधरा-सोळा वर्षांपूर्वी. मी तोंडाने हेच सांगायचो, पण माझ्या शब्दांत, आणि त्यामुळे गिऱ्हाइकं तुटायची. बाई म्हणाल्या, "मकसूदभाई, तुम्ही बोलू नका. पाटीला बोलू द्या." तेव्हापासून मी पाटीकडे बोट दाखवतो. तरी लोक मोबाइल काढून व्हिडिओ दाखवतातच आणि माझं डोकं सणकतंच.

गेल्या डिसेंबरात आमोद खाजगीवाले दारात उभा राहून म्हणाला, "काका, गाडीला काही झालेलं नाहीये, तेवढं फक्त बाबांना सांगा." मी हातातला पाना खाली ठेवला. गाडीला काही झालेलं नाही म्हणून गॅरेजात आलेला हा माझ्या उभ्या आयुष्यातला पहिलाच माणूस.

त्याच्या मागे, रस्त्याच्या कडेला, ती पांढरी गाडी उभी होती. दोन हजार एक सालची. स्टिअरिंगवर त्याचे वडील, श्रीधर खाजगीवाले साहेब. पाटबंधारे खात्यातून निवृत्त, वय अठ्ठ्याहत्तर, इस्त्रीचा शर्ट, खिशाला पेन. शेजारची सीट रिकामी. ती सीट रिकामी बघायची मला सवय नाही. साहेबांच्या पत्नी, आमच्या सुहासिनीबाई, यांना जाऊन आठ महिने झाले होते, मी स्वतः वैकुंठ स्मशानभूमीत गेलो होतो, तरी नजर आधी त्या सीटकडेच गेली.

आमोदने एका दमात सगळं सांगितलं. आई गेल्यापासून बाबांना गाडीत पुढून डावीकडून आवाज येतो. खट. खड्ड्यात, स्पीडब्रेकरवर. तीन ठिकाणी गाडी दाखवली. तो वाघोलीला राहतो, तिथल्या एका मोठ्या सर्व्हिस सेंटरने तर दिवसभर ठेवून घेतली. दर वेळी मेकॅनिक बाबांच्या शेजारी बसून फेरी मारून यायचा आणि म्हणायचा, आवाज नाही. आमोद स्वतः चार वेळा शेजारी बसला. आवाज नाही. मग कानाच्या डॉक्टरांकडे नेलं. कान ठणठणीत निघाले.

"आता पुढच्या आठवड्यात दुसरे डॉक्टर," तो आवाज उतरवून म्हणाला. "मेमरीचे. तुम्ही शेवटचे, काका. तुमच्यावर त्यांचा विश्वास आहे. तुम्हीही नाही म्हणालात, तर गाडी विकायची, सहकारनगरचा फ्लॅट बंद करायचा आणि बाबांनी आमच्याकडे यायचं. त्यांनी कबूल केलंय."

मी गाडीच्या खिडकीपाशी गेलो. "साहेब, कबूल केलंत?"

"केलं," साहेब म्हणाले. "माझी मलाच खात्री राहिली नाही हो. चार माणसं सांगतायत नाही, म्हणजे नसेल."

टायर अर्धा सूत घासला म्हणून माझ्याशी तासभर वाद घालणारा हा माणूस. त्याने असं मान खाली घालून बोलावं, याचा मला राग आला. कुणावर काढावा ते कळेना, म्हणून आमोदला म्हटलं, "बस पुढे. फेरी मारू."

मी मागचं दार उघडून मागे बसलो. इथे थांबून हे सांगायला पाहिजे, कारण कुठलाही मेकॅनिक मागे बसत नाही. शेजारी बसतो, तिथून कान लावतो. मीही बाकी सगळ्या गाड्यांत पुढेच बसतो. या एका गाडीत नाही.

पहिल्यांदा ही गाडी घोरपडे पेठेत माझ्याकडे आली, तेव्हा नवी कोरी होती. साहेब उतरले. बाई उतरल्या नाहीत. मी म्हटलं, बाई, सावलीत खुर्ची टाकतो. बाईंनी चष्म्यावरून माझ्याकडे बघितलं आणि म्हणाल्या, "नको. माणूस उतरला की गॅरेजवाले चांगला पार्ट काढून जुना घालतात, असं ऐकलंय. मी इथेच बसते." तोंडावर. साहेब लाजून भिंतीकडे बघायला लागले. मी असा तापलो होतो की गाडी तशीच परत पाठवणार होतो. पण बाईंनी पिशवीतून शाळेच्या वह्या काढल्या, लाल पेन काढलं आणि तपासायला सुरुवात केली. वह्या तपासणाऱ्या बाईशी भांडायची माझी हिंमत नव्हती. तिसरी नापास माणूस मी.

चोवीस वर्षं त्या उतरल्या नाहीत. ऑइल बदलताना बसल्या. ब्रेकचं काम करताना बसल्या. गाडी जॅकवर असताना आत बसू नये म्हटलं, तर म्हणाल्या, "मग जॅक नीट लावा." मी जॅकखेरीज दोन लाकडी ठोकळे खाली सारायचो, फक्त त्यांच्यासाठी. चाचणीला निघालो की साहेब चालवणार, बाई शेजारी आणि मी मागे. माझ्या नाजिमाचे दहावीचे निबंध त्यांनी त्याच सीटवर बसून तपासले. रविवारी मंडईतून येता येता टायरची हवा बघायला थांबायच्या आणि मांडीवर शेंगा सोलत माझ्याशी बोलत बसायच्या. माझ्यावरचा संशय कधीच गेला होता. ती सवय मात्र राहिली, त्यांचीही आणि माझीही.

तर मी मागे बसलो. साहेबांनी गाडी काढली. आमच्या गल्लीत तीन स्पीडब्रेकर आहेत, तिन्ही बेकायदेशीर आणि तिन्ही माझ्या कामाचे. पहिल्यावरून गेलो. काही नाही. दुसरा. तिसरा. काही नाही. आरशात मला साहेबांचे डोळे दिसत होते. ते माझ्याकडे बघत होते आणि मी दुसरीकडे बघत होतो.

पुढे आमोदचा फोन वाजला. तो ऑफिसच्या माणसाशी बोलायला लागला, अमुक मेल आणि तमुक कॉल. माझं डोकं फिरलं. इथे बापाच्या आयुष्याचा निकाल लागतोय आणि याची मीटिंग. "आमोद," मी म्हटलं, "उतर. कोपऱ्यावर तीन चहा सांग आणि तिथेच बोलत बस." तो उतरला. खरं सांगतो, यात माझी हुशारी काही नव्हती. निव्वळ राग होता.

आता पुढे जाऊन बसावं, असं कुणाच्याही मनात आलं असतं. माझ्या आलं नाही. ती जागा बाईंची.

साहेबांनी गाडी वळवली. परत तिसरा ब्रेकर.

खट.

अगदी स्वच्छ. डावीकडून, पुढून, वरच्या बाजूने. कुणी दारावर बोटाने वाजवावं तसं. साहेबांनी गाडी जागच्या जागी थांबवली. मागून एक रिक्षावाला हॉर्न मारायला लागला. साहेब आरशात बघून म्हणाले, "तुम्ही ऐकलंत?"

"ऐकलं."

"नक्की?"

"साहेब, मी खोटं बोलायला लागलो तर पाटी काढावी लागेल. ऐकलं."

त्यांनी चष्मा काढला आणि पुसला. मग परत पुसला. रिक्षावाल्याला मी खिडकीतून हात केला, जा बाबा बाजूने.

नीट ऐकावं म्हणून मी पुढे येऊन बसलो. सीट इतकी पुढे ओढलेली की माझे गुडघे डॅशबोर्डला टेकले. बाई जेमतेम पाच फुटांच्या. मी खाली हात घालून सीट मागे सरकवायचा खटका शोधायला लागलो, तेवढ्यात साहेब म्हणाले, "राहू द्या. तशीच राहू द्या." मी हात काढला. गुडघे छातीशी घेऊन बसलो. पुन्हा ब्रेकर. आवाज गायब. परत मागे जाऊन बसलो. खट.

तेव्हा माझ्या टाळक्यात प्रकाश पडला.

"साहेब, बाई असताना हा आवाज कधी आला होता?"

"छे. कधीच नाही."

"आणि बाईंशिवाय ही गाडी कधी चालवलीत?"

साहेब विचार करायला लागले. त्यांची विचार करायची पद्धत पाटबंधारे खात्याची, घाई नाही. बऱ्याच वेळाने म्हणाले, "ऑफिसला मी बसने जायचो, स्वारगेटवरून. गाडी म्हणजे दोघांनी जायचं. नाही हो. एकदाही नाही."

कोपऱ्यावरून आमोदला घेऊन गॅरेजात आलो. बॉनेट उघडलं. पुढच्या चाकाचा शॉकॲब्सॉर्बर वर बॉडीला जिथे टेकतो, तिथे रबराची एक जाड गादी असते, तिला आम्ही माउंटिंग म्हणतो. डावीकडच्या माउंटिंगवर तळहात ठेवला आणि दुसऱ्या हाताने मडगार्ड दाबून सोडलं. गाडी वर आली आणि तळहाताखाली लोखंड ठक्कन उडालं. आमोदला डाव्या सीटवर बसवलं आणि परत तेच केलं. हाताला काही लागलं नाही.

मग त्याला म्हटलं, "आता मागे बस. फोन माझ्याकडे दे." बाप-लेक गल्लीत एक फेरी मारून आले. परत आला तेव्हा आमोदचा चेहरा पार पडलेला होता. तो उतरलाच नाही. मागे बसूनच वडिलांच्या खांद्यावर हात ठेवून म्हणाला, "बाबा, सॉरी. मी सगळ्यांना सांगत सुटलो होतो."

"तू तरी काय करणार," साहेब म्हणाले. "तू बसलास की थांबायचा."

चाक काढलं. खालचे दोन बोल्ट, वरचे तीन नट, अख्खा शॉकॲब्सॉर्बर बाहेर. स्प्रिंग दोन बाजूंनी आवळून घेतली, कारण ती सुटली तर माणसाचा जबडा घेऊन जाते, आणि वरचा नट खोलला. माउंटिंग हातात आलं. रबर लोखंडापासून गोल सुटलेलं, कडेने गुळगुळीत झालेलं. वजन असलं की दाबून जागेवर बसायचं. वजन नसलं की मोकळं होऊन आपटायचं. साहेबांनी ते हातात घेऊन, पेनने टोचून, नीट तपासलं.

"हे आठ महिन्यांतलं नाही," ते म्हणाले.

"नाही. तीन-चार वर्षं झाली असतील." आणि मग मला बोलावंच लागलं. "साहेब, चूक माझी आहे. दोन वर्षांपूर्वी पुढचं सगळं काम मीच केलं. लोअर आर्मचे बुश बदलले. माउंटिंगवर हात ठेवून बघितलं आणि चांगलं आहे म्हणालो. बाई आत बसल्या होत्या. नेहमीसारख्या. मी त्यांना उतरा म्हटलं असतं तर तेव्हाच कळलं असतं."

"तुम्ही म्हटलं असतंत तरी ती उतरली नसती," साहेब म्हणाले आणि हसले. मग हसता हसता त्यांचा आवाज फाटला. मी वळून नवं माउंटिंग शोधायला लागलो. ते समोरच ठेवलेलं होतं, आमोदने नाना पेठेतून आणलेलं, दोन्ही बाजूंचं. तरी मी शोधत राहिलो. त्या बाईने चोवीस वर्षं माझ्यावर पहारा दिला आणि आता पहाऱ्याला कुणी नव्हतं. प्रत्येक नट मी दोनदा आवळला.

काम संपायला चार वाजले. जुनी दोन्ही माउंटिंग मी कागदात गुंडाळून साहेबांच्या हातात दिली. पहिल्या दिवसापासून या गाडीचे जुने पार्ट मी परत देत आलोय. बाईंची अट होती. साहेबांनी पुडी घेतली, उघडून बघितली आणि ग्लोव्ह बॉक्समध्ये ठेवली.

"चला," ते म्हणाले. "फेरी."

ते स्टिअरिंगवर बसले. मी माझं मागचं दार उघडलं. आमोद पुढच्या दाराशी उभा राहिला, आत बसला आणि गुडघे वर घेऊन अवघडला, दर वेळी बसत होता तसा. खटक्याकडे त्याचा हात गेला नाही. आठ महिन्यांत त्यालाही कळलं होतं.

साहेबांनी किल्ली फिरवली नाही. त्यांनी बाजूला वाकून स्वतः सीटखाली हात घातला. खटका गंजलेला होता, दोनदा ओढावा लागला. "मागे घे," ते आमोदला म्हणाले. "मी सहकारनगरलाच राहीन. दर रविवारी मंडईत जायला तू येशील ना? मग तुमच्याकडे वाघोलीला जेवायला. इतका वेळ असं बसवेल का तुला?"

पायाने रेटून आमोदने सीट मागे सरकवली, पार शेवटपर्यंत.

ती येऊन माझ्या गुडघ्यांवर आदळली. चोवीस वर्षं या गाडीत मी पाय पसरून बसलो, बाई पुढे सरकून बसायच्या म्हणून. हे मला तेव्हा, त्या क्षणी कळलं, आणि रडू आलं. त्यात लपवण्यासारखं काही नाही.

साहेबांनी आरशात बघितलं. "अडचण होतेय का, मकसूदभाई?"

"नाही, साहेब. चला तुम्ही."

मी पाय आवळून घेतले. तिन्ही ब्रेकर गेले, आवाज आला नाही.