सहावा थर, जागेवर

भाचीने ट्रे टेबलावर ठेवला, वरचं ओलं फडकं उचललं आणि ती बाजूला झाली. मामांनी चष्मा नीट बसवला. ट्रेमध्ये तळहाताएवढा, वेटोळं घातलेला दगडी शंख होता. हा प्राणी समुद्रातून नाहीसा झाला त्याला कोट्यवधी वर्षं झाली होती, पण मामांना तो कालपरवाचाच वाटला.

"सापडला," ती म्हणाली. "सहाव्या थरात."

मामा सकाळच्या बसने आले होते ते वेगळ्याच कामासाठी. बहिणीचा फोन आला होता. मुलगी धड जेवत नाही, हो-नाहीपलीकडे बोलत नाही, हाही हंगाम कोरडा गेला तर संशोधन बंद करा असं विद्यापीठाने कळवलंय. तू एवढा मोठा शास्त्रज्ञ, तूच तिला चार गोष्टी सांग. 'एवढा मोठा' हे शब्द मामांना नव्या बुटासारखे वाटभर चावत राहिले. ते मोठे झाले होते ते एका शंखाच्या जिवावर.

खोलीच्या खिडकीतून दिसणारा कडा म्हणजे जुन्या समुद्राचा तळ. गाळाचे अकरा थर एकावर एक बसून दगड झालेले, आणि प्रत्येकात त्या त्या काळातले शंखशिंपले. शंख ज्या थरात रुतलेला सापडतो, त्या थराचं वय तो सांगतो. पायथ्याशी पडलेला सुटा शंख काहीच सांगत नाही, कारण तो वरच्या कुठल्याही थरातून घरंगळलेला असू शकतो. सुटा दगड म्हणजे ऐकीव गोष्ट, असं मामा दरवर्षी वर्गात बजावायचे आणि मागच्या बाकावरची मुलं त्यांची हुबेहूब नक्कल करायची. याच मामांनी पंचवीस वर्षांपूर्वी, हंगामाच्या शेवटच्या दिवशी, पायथ्याच्या चुऱ्यातून एक शंख उचलला होता आणि वहीत लिहिलं होतं: सहावा थर, जागेवर.

सहाव्यातूनच पडला असणार याची त्यांना खात्री होती. पुढच्या वर्षी येऊन थरातून तसाच दुसरा काढू, म्हणजे झालं. पुढच्या वर्षी तो मिळाला नाही, त्याच्या पुढच्या वर्षीही नाही. तोवर शोधनिबंध छापून आला, सत्कार झाला, आणि सत्काराचा फोटो बघून पाच वर्षांची भाची म्हणाली, मीपण दगड फोडणार. पोर बोलल्याप्रमाणे वागली, मामांच्याच वर्गात शिकली, हीच पंचाईत. गेली तीन वर्षं ती सहावा थर वीत-वीत उकरत होती आणि मामा फोनवर सांगत होते, नीट बघ, मिळेल. ते आठवलं की त्यांना स्वतःची शरम वाटायची.

आज सगळं सांगून टाकायचं होतं. बसमध्ये त्यांनी वाक्यही जुळवलं होतं. आणि आता समोर हा शंख. मामांचा जीव भांड्यात पडला. उशिरा का होईना, खोटं खरं ठरलं. मग आता सांगायची गरज काय? हा विचार आल्याची त्यांना लाजही वाटली. तरी सवयीने हात पुढे गेला आणि त्यांनी शंख पालथा केला.

दगडफुलाचे राखाडी डाग वर होते तसेच खालीही होते. ऊनपाऊस लागल्याशिवाय दगडावर दगडफूल धरत नाही. थरात रुतलेली बाजू कोरी असायला हवी होती.

भाची पाठमोरी, बेसिनपाशी हात धूत होती. हात केव्हाच स्वच्छ झाले होते.

"मामा," तिने वळून न बघता विचारलं, "हे डाग कशानं जातात?"

चाळीस वर्षं शिकवलेला माणूस. कुणी काही विचारलं की तोंड आपोआप सुरू व्हायचं.

"ब्लीचच्या पाण्यात रात्रभर ठेवायचा. मग बांबूच्या काडीनं हलकेच खरवडायचा. सुई लावायची नाही, ओरखडे उठतात. शेवटी थरातली ओली माती चोळायची, म्हणजे नुकता काढल्यासारखा..."

ते थांबले. नळही बंद झाला.

"माती चोळायची हे तू वर्गात शिकवत नव्हतास," ती म्हणाली.

बसमध्ये जुळवलेलं वाक्य लांबलचक होतं. त्यातलं काही आठवेना.

"माझाही पायथ्यालाच सापडला होता," मामा म्हणाले. "मी खोटं लिहिलं."

ती रागावेल, निदान रडेल, असं त्यांना वाटलं होतं. ती समोर येऊन बसली. खिशातून कोरं लेबल काढलं. आठ दिवस ते तसंच घेऊन फिरतेय, लिहायला हात धजत नव्हता, असं तिने सांगितलं. मग पेन्सिलीने लिहिलं: पायथा, सुटा. उद्याच सगळ्यांना कळवतो, तुझ्या विद्यापीठालाही, असं मामा पुटपुटले. तिने मान डोलावली. लेबल ट्रेमध्ये ठेवलं, पुन्हा सरळ केलं.

"तुला सहाव्या थरात जे दिसलं, ते मला तीन वर्षं दिसत नव्हतं," ती म्हणाली. "मी दोनदा डोळे तपासून घेतले, मामा. दोन्ही वेळा डॉक्टर म्हणाले, नजर उत्तम आहे."