सरांचा वाटा

बापाने पोराला 'सर' म्हटलं, तर पोराने काय करावं? विनोदने पहिल्यांदा इकडेतिकडे पाहिलं, कुणी ऐकलं तर नाही ना म्हणून. दुसऱ्यांदा, खरं सांगायचं तर, त्याला बरं वाटलं. आणि आता त्याला एवढंच हवं होतं, की या माणसाने एकदा, एकदाच, पूर्वीसारखी 'ए छोट्या' म्हणून हाक मारावी. मग वाटल्यास वर एक कानाखालीही वाजवावी.

विनोद शेंडे साकोलीत एका खासगी शाळेत इंग्रजी शिकवायचा. घर एकोडीचं. बाप मंगरू, जातीने ढीवर, उभा जन्म तलावात जाळं टाकण्यात गेलेला. विनोदला शब्दांची भारी हौस. वर्गात एकदा त्याने 'सर' या एका शब्दावर अख्खा तास घालवला होता. पोरांनाच विचारलं, कुठं कुठं ऐकता रे हा शब्द? पोरं सुटलीच. हजेरीचं 'येस सर' म्हणजे मी आलोय. बोट नाचवत 'सर, सर, सर' म्हणजे मला येतं, मलाच विचारा. 'सरऽऽ' असं ओढून म्हटलं की समजावं, गृहपाठ झालेला नाही. मोबाइलच्या दुकानातला 'सर' गिऱ्हाईक पटवायचा. हायवेवरचा पोलीस 'ओ सर, गाडी बाजूला घ्या' म्हणतो, त्यातली शिवी सातवीच्या पोरांनाही बरोबर कळत होती. नंदिनी नावाची मुलगी वर्गाची मॉनिटर होती. ती म्हणाली, "अन् सर, तुम्ही हेडसरांना म्हणता, तो वेगळाच असते." वर्ग खो खो हसला. विनोदही हसला. तो वेगळाच असतो हे काही खोटं नव्हतं. त्यात सुट्टीचा अर्ज आणि पुढच्या वर्षीची नोकरी, दोन्ही कोंबलेलं असायचं.

एवढा शहाणा माणूस, पण बापाच्या 'सर'पुढे त्याची मती गुंग झाली.

झालं होतं असं. पावसाळा संपताना एक दिवस मंगरू न सांगता शाळेत आला. पहाटे रोहू चांगला सापडला होता. म्हटलं, पोराला ताजा ताजा नेऊन द्यावा. प्रार्थना नुकतीच संपली होती, पोरं अजून मैदानावर रांगेत उभी होती, आणि डोक्यावर पोत्याची खोळ ओढलेला हा माणूस फाटकातून ओली थैली वर धरून ओरडला, "ए छोट्याऽ! मच्छी आनली बे!"

सगळी शाळा हसली. हेडसरही रुमालाआड हसले. विनोदचे कान असे तापले, की विचारू नका. त्याने बापाला दंडाला धरून सायकल स्टँडमागे नेलं.

"काहून आला इथं? अन् छोट्या काय, छोट्या? सगळ्यासमोर इज्जत काढतं माही!"

"अरे, मंग काय म्हनू?"

"सर म्हण! इथं सगळे सर म्हणतात मले. हेडसर म्हणतात, चपराशी म्हणते. तुले काय सोनं लागलं?"

मंगरूने थैली एका हातातून दुसऱ्या हातात घेतली. थैलीतून पाणी ठिबकत होतं, ते त्याने पायाने मातीत जिरवलं. रागावला नाही, रुसलाही नाही. फक्त म्हणाला, "बरं. हो, सर."

विनोदला वाटलं, टोमणा मारला. पण त्या माणसाला टोमणे मारता येत असते, तर काय पाहिजे होतं!

पुढे दिवाळीआधी मंगरू पुन्हा आला, तो फाटकाबाहेर थैली ठेवून. शिक्षकांच्या खोलीच्या दाराशी त्याने चपला काढल्या, हात धोतराला पुसले आणि विचारलं, "येऊ का सर?" आत हेडसर बसले होते. नंदिनी वह्यांचा गठ्ठा घेऊन उभी होती. त्या दिवशीचा खोळीतला चेहरा कुणी नीट पाहिला नव्हता. हेडसरांनी सहज विचारलं, "कोण, पालक का कुणाचे?"

विनोदने 'हो' अशी मान हलवली. बस, एवढंच केलं त्याने. हेडसर "बसा बसा" म्हणाले. मंगरू काही बसला नाही. "नाई जी, चाललो. सरले थोडी मच्छी देऊन जातो," असं म्हणून तो मागच्या पावली दाराबाहेर गेला. हेडसर म्हणाले, "पालकांचा जीव आहे हो तुमच्यावर!" आणि त्या क्षणी विनोदला बरं वाटलं. थू त्याच्या जिंदगानीवर, पण वाटलं खरं. सुटलो बाबा, असं वाटलं.

दिवाळीला तो घरी गेला, तेव्हा त्याला वाटलं, आता घरात तरी सगळं पूर्वीसारखं असेल. अंगणात पाय ठेवत नाही तोच मंगरू उठून उभा राहिला. "आले सर. अवो, सरले पाय धुवाले पानी दे."

वच्छला, विनोदची आई, पदराआड हसली. "मायबाई! बापानं काय खूळ घेतलं पाह्य."

विनोदही हसला. पण संध्याकाळीही सर, जेवतानाही सर. 'घ्या सर, भात घ्या.' 'तुमची खाट वट्ट्यावर टाकू का, सर?' तू जाऊन तुम्ही आलं होतं. जन्मात ज्या माणसाने लेकराला 'अरे पोट्ट्या'शिवाय बोलावलं नाही, तो घरात पाहुण्यासारखं बोलत होता. वच्छलाचं हसू दोन दिवसांत आटलं. चुलीपाशी ती विनोदला हळूच म्हणाली, "काय बोलला तू त्याहिले? मले सांगत नाही ते."

विनोद चुलीपासून उठला. तो बाहेर आला. मंगरू जाळ्याची फाटकी जागा विणत होता. विनोद त्याच्याजवळ उकिडवा बसला.

"बाबा, घरी नको नं म्हणू सर. ते शाळेतलं शाळेत. मी रागात बोललो होतो."

"रागात नाई, बराबरच बोलले तुम्ही," मंगरू विणता विणता म्हणाला. "माही जीभ गावठी हाये जी. तिकडं सर अन् इकडं छोट्या, असं दोन ठिकानी दोन मले नाई जमनार. एखांद्या दिवशी चुकून तिकडंच तोंडातून निघालं, तं तुमची इज्जत जाईन. म्हनून एकच लावून घेतलं. आता लागलं तोंडाले."

घ्या! बैलाला वळण लावावं तसं या माणसाने स्वतःच्या जिभेला वळण लावून घेतलं होतं, आणि तेही पोराच्या इज्जतीसाठी. विनोदला रडू यायला झालं. पण रडून करता काय? शाळेतून जे ओझं बापाच्या डोक्यावर ठेवलं, ते त्याने इमानाने घरापर्यंत वाहून आणलं होतं, आणि आता उतरव म्हटलं तरी उतरवत नव्हता.

हिवाळा गेला. फोनवरही तेच. "हॅलो, सर हायेत का?" बापच फोन करतो आणि पोरालाच विचारतो, सर आहेत का! विनोद म्हणायचा, "बाबा, मीच आहो." पलीकडून उत्तर यायचं, "हो सर."

मग उन्हाळा आला, तलावाचं पाणी उतरलं आणि मोठ्या ओढीचा दिवस ठरला. ही एकोडीच्या ढीवरांची जुनी रीत. पाणी कमी झालं, की सगळी घरं मिळून तलावात मोठं जाळं ओढतात. मासळी पारीवर, म्हणजे तलावाच्या बांधावर, मोहाच्या सावलीत ओततात. जितकी घरं ओढायला आली तितके ढीग लावतात आणि एकेका घराची हाक पडते. हाक नेहमी घरातल्या नावाने. सातबाऱ्यावर नाव आनंदराव असलं तरी पारीवर तो 'बुट्या'च. गावातला एकजण पोलिसात आहे, भंडाऱ्यात त्याला बघून लोक गाडी हळू करतात, पण पारीवर त्याची हाक 'ए शेंबड्या' अशीच पडते. तो आपला हसत हसत येतो आणि ढीग उचलतो. ढिगांपासून वेगळे, पळसाच्या पानांवर, चार मोठे मासे ठेवलेले असतात. ते साहेबांचे. तलाठी, ग्रामसेवक, कुणी ना कुणी येतंच. साहेबांना ढिगातलं देत नाहीत, आणि त्यांना हाकही मारत नाहीत. त्यांच्या हातात आदराने नेऊन देतात.

आणि हाक मारायचं काम होतं मंगरूचं. गेली कित्येक वर्षं त्याचंच.

विनोदच्या मनाने एकदम उचल खाल्ली. पारीवर सर कसं म्हणेल? तिथं ती रीतच नाही! आपण जाळं ओढायचं, चिखलात उतरायचं, आणि मग त्याला 'छोट्या' म्हणावंच लागेल. लहानपणी त्याच हाकेला तो धावत जाऊन घरचा ढीग उचलायचा. रविवार होता. सकाळच्या बसने तो एकोडीत उतरला आणि थेट तलावावर गेला.

त्याने पँट गुडघ्यावर गुंडाळली, तर मच्छीमार सोसायटीचा अध्यक्ष दादाजी धावत आला. "अरे सर, सर! कपडे खराब होतीन. तुम्ही बसा सावलीत." कुणीतरी प्लास्टिकची खुर्चीही आणली. विनोदने खुर्चीकडे पाहिलंसुद्धा नाही. दोर धरला आणि गाळात उतरला. हाताची सवय गेलेली, तळवे सोलून निघाले, कमरेत उसण भरली. पण सोडलं नाही. मंगरू दोराच्या दुसऱ्या टोकाला होता. त्याने मान वळवून एकदा पाहिलं आणि पुन्हा दोराला जोर लावला.

जाळं बाहेर आलं. ढीग लागले. मंगरू मधोमध उभा राहिला. अंगभर चिखल, गळ्यात गमछा, आणि आवाज असा, की पलीकडच्या काठावरचे बगळे उडावेत.

"ए बुट्याऽ!"

"ओऽ!"

"ए शेंबड्याऽ!"

पारीवर हशा पिकला. एकेक जण ढीग उचलून निघाला. कुंताबाईच्या घराची हाक पडली, रुखमिणीच्या घराची पडली. विनोद चिखलाने भरलेले हात पुढे धरून उभा होता. तिशी ओलांडलेला माणूस, आणि एका हाकेसाठी जीव कासावीस! आता. आता म्हणेल. शेवटचा ढीग उरला.

मंगरूने आवाज लावला, "मंगरूऽ!" आणि स्वतःच "ओ" म्हणून स्वतःच तो ढीग टोपलीत भरला.

मग तो पळसाच्या पानांकडे गेला. चारांतला सगळ्यात मोठा रोहू उचलला, थैलीत घातला, हात गमछ्याला पुसले आणि दोन्ही हातांनी थैली विनोदपुढे धरली.

"घ्या, सर."

"बाबा," विनोद म्हणाला, "मले ढिगातलं दे."

"ढीग जाळं ओढनाऱ्याहिचा राह्यते जी."

"मी ओढलं नं! पाह्य, हात पाह्य माहे!"

मंगरूने त्याचे सोललेले तळवे पाहिले. त्याचा चेहरा हलला. विनोदला वाटलं, आता गमछ्याने पुसेल, पूर्वीसारखी फुंकर घालेल. हात थोडा पुढे आलाही होता. मग तो थांबला, लोकांकडे बघून मागे गेला.

"लय मेहनत केली सर तुम्ही," मंगरू म्हणाला. "घरी हळद लावजा. चला, तुमची बस सुटन."

विनोदने थैली घेतली. नाही घेऊन करतो काय? बापाने एवढ्या मानाने दिलेली. लोक मोहाखाली चूल पेटवून मासळीचं कालवण लावत होते. ढीगवाले सगळे तिथंच जेवणार होते. त्याला कुणी 'थांब' म्हटलं नाही. साहेबांना थांबवत नाहीत.

साकोलीच्या बसमध्ये त्याने ओली थैली मांडीवर घेतली. पँटवर पाणी पसरत गेलं. शेजारचा माणूस नाक मुरडून उठून गेला. पुढच्या सीटवर एक मुलगी आईबरोबर बसली होती. ती वळली, तर नंदिनी.

"सर! केवढा चिखल! थैलीत काय आहे?"

"मच्छी."

"कोणी दिली?"

"माझ्या बाबांनी." हे बोलताना त्याला वाटलं, जीभ अडेल. अडली नाही. आणि त्याचीच त्याला जास्त लाज वाटली, की एवढं सोपं होतं! "तू पाहिलंय त्यांना. दिवाळीआधी शाळेत आले होते. चपला काढून दारात उभे होते ते."

नंदिनीने आठवलं. "पण ते तर पालक होते ना कुणाचे?"

"माझेच."

तिने थैलीकडे पाहिलं. मग हुशार मुलं विचारतात तसं, सरळ डोळ्यांत बघून तिने विचारलं, "मग ते तुम्हाला सर काहून म्हणत होते?"

विनोदने थैली घट्ट धरली.

"मी सांगितलं होतं म्हणून."

नंदिनी त्याच्याकडे बघत राहिली. मग वळून आईला टेकून बसली. साकोली आलं, तेव्हा उतरताना तिने मान हलवून निरोप घेतला. 'येते' म्हणाली फक्त. पुढे सर म्हटलं नाही.